कमल कोणाची नोकर होती

सुनावणीला अकरा दिवस राहिले होते. दुपारी मी अंगणात डाळ वाळत घालत होते, तेव्हा कमलच्या मुलीचा, सुजाताचा फोन आला. "सिस्टर, आई गेली," एवढंच ती म्हणाली. माझ्या मनात पहिल्यांदा आलं ते असं की, ही तारखेचा घोळ करून एकटीच संभाजीनगरला गेली की काय? मी विचारलंसुद्धा, "कोणत्या गाडीनं गेली?" पलीकडून हुंदका ऐकू आला आणि माझ्या हातातलं सूप खाली गेलं. सकाळी छातीत कळ आली, शेजारच्यांनी जीपमध्ये घातलं, आणि हिंगोली तीन-चार कोसांवर असताना कमल गेली. अठ्ठावन्न वर्षांची होती. नोकरीत असती तर साठीच्या निवृत्तीला दोन वर्षं उरली असती. पण ती नोकरीत होती की नव्हती, आणि असली तर कोणाच्या, हेच ठरायला बारा वर्षं लागली होती, आणि ते ठरून महिनाही झाला नव्हता.

कमल खंदारे हे नाव या पुरवणीच्या वाचकांपैकी कोणाला ठाऊक असण्याचं कारण नाही. ती परिचर होती. म्हणजे दवाखान्यात झाडणारी, पुसणारी, जखमा धुणारी, डॉक्टरांनी हाक मारली की धावणारी. मी त्याच दवाखान्यात परिचारिका होते. दवाखाना सेनगाव तालुक्यातल्या एका गावात, गावाचं नाव सांगत नाही. आमची ओळख मात्र त्याआधीची. तेव्हा आमच्या भागात कुष्ठरोगाचं सरकारी पथक होतं आणि कमल त्या पथकात लागली होती. बाविसाव्या वर्षी नवरा गेला, कडेवर सुजाता, शिक्षण सातवी. परिचराची जागा निघाली तेव्हा अर्ज करणाऱ्या बाया कमी होत्या, कारण काम काय आहे ते सगळ्यांना माहीत होतं. बधिर झालेल्या पायांच्या जखमा धुवायच्या, मेलेली कातडी काढायची, तेल लावायचं, पट्टी बांधायची. पेशंटच्या घरचे लोक ताटसुद्धा लांबून सरकवायचे. कमल पहिल्या दिवशी उलटी करून आली आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा कामावर गेली, असं ती स्वतःच हसत सांगायची. "तिसऱ्या दिशी वास यायचा बंद झाला, सिस्टरबाई. मंग दिसाया लागलं की त्यो पाय हाय. मानसाचा पाय."

पुढं रोग कमी झाला, पथक गुंडाळलं गेलं आणि तिथली माणसं इकडं तिकडं वाटून दिली. कमल आमच्या दवाखान्यात आली. इथंच पुढच्या सगळ्या गोष्टीची गाठ बसली, म्हणून जरा सविस्तर सांगते. पथक राज्य सरकारचं होतं, कमलचा नेमणुकीचा कागद सरकारचा होता. दवाखाना जिल्हा परिषदेचा. तिचा पगार जिल्हा परिषदेतून निघायला लागला, रजा तिथून मंजूर व्हायला लागल्या, पण तिला कायमचं तिकडं घेतल्याचा कागद काही कोणी काढला नाही. काढायला पाहिजे होता हेही कोणाच्या लक्षात आलं नाही. आम्हाला काय... रोज सकाळी ती यायची, काम करायची, आम्ही तिला आमचीच समजत होतो. माणूस आपला आहे की नाही हे कागदावर पाहायची वेळ माणसाचं वाईट व्हायला लागल्यावरच येते.

पथक गेलं तरी पथकाचे पेशंट होतेच. औषधानं रोग बरा होतो, पण पायातली गेलेली जाणीव परत येत नाही. काटा रुतला, निखाऱ्यावर पाय पडला तरी कळत नाही, आणि जखमा पुन्हा पुन्हा होतात. हे लोक आमच्या दवाखान्यात यायचे तेव्हा त्यांना बाहेरच्या ओट्यावर बसवलं जायचं. मी ते पाहत होते. मीसुद्धा कधी "आत या" म्हटलं नाही. दोन-तीन वेळा तसं झालं, आणि त्यांनी यायचंच सोडलं. त्यात किसनराव म्हणून एक म्हातारा होता. पोरांनी त्याला शेतातल्या आखाड्यावर, म्हणजे गुरं बांधायच्या जागी, ठेवलं होतं. कमलला कळलं की त्याच्या टाचेत किडे पडलेत. ती माझ्याकडे आली. ड्रेसिंगच्या कपाटाची किल्ली माझ्याकडे असायची. म्हणाली, "सिस्टरबाई, त्यो इथं येत न्हाई. मी जाते. सामान द्या."

मी दिलं. कापूस, गॉज, पट्ट्या, मलम. वर म्हटलं, "दुपारी ओपीडी संपल्यावर जात जा, मी सांभाळून घेते." मग ते दर आठवड्याचं झालं. किसनराव, एक म्हातारी, आणि पलीकडच्या तांड्यावरचा एक जण. तीन पेशंट. मी सामान काढून द्यायचे, ती पिशवीत घालून चालत जायची आणि चारच्या आत परत यायची. वहीत मी काही लिहीत नव्हते. कोणत्या नावाखाली लिहिणार? पेशंट दवाखान्यात आलेच नव्हते. तीन वर्षं असं चाललं, आणि खरं सांगते, त्या तीन वर्षांत आपण काहीतरी बरं काम करतोय असं मला वाटायचं. काम ती करत होती.

मग नवे डॉक्टर आले. तरुण होते, शिस्तीचे. त्यांनी साठा मोजला. कपाटात सामान कमी भरलं. त्याच दुपारी कमल जागेवर नव्हती आणि तिला परत येताना फाटकातच थांबवलं, पिशवी पाहिली. पिशवीत उरलेल्या पट्ट्या होत्या. वर कळवलं गेलं, चौकशी अधिकारी नेमले गेले. आरोप दोन. परवानगीशिवाय कामाची जागा सोडणं, आणि सरकारी औषधसाठ्याची अफरातफर.

चौकशी तालुक्याच्या ठिकाणी झाली. टेबलाच्या एका बाजूला ते अधिकारी, समोर मी, आणि भिंतीशी स्टुलावर कमल. मला विचारलं, "हे सामान तुमच्या परवानगीनं बाहेर जात होतं का?" त्या वर्षी माझे मिस्टर अर्धांगानं अंथरुणाला खिळले होते. त्यांना उठवायला, बसवायला दोन माणसं लागायची. माझी बदली झाली असती, कदाचित माझ्यावरच चौकशी बसली असती... ही कारणं मी इतक्या वेळा मनात घोकली आहेत की ती आता झिजून गेली आहेत. मी म्हणाले, "मला कल्पना नव्हती." अधिकाऱ्यांनी ते लिहून घेतलं. मग कमलकडे वळून म्हणाले, "बाई, साक्षीदाराला तुम्हाला काही विचारायचं आहे का?" कमलनं माझ्याकडे पाहिलं. रागानं नाही. दवाखान्यात एखादा पेशंट घाबरला की ती त्याच्याकडे पाहायची, तसं. म्हणाली, "न्हाई साहेब. काही इचारायचं न्हाई." आपल्या जबाबात तिनं एवढंच सांगितलं की सामान दवाखान्यातलं होतं, पेशंटसाठी नेलं होतं, घरी ठेवलं नाही. माझं नाव तिनं घेतलं नाही.

चार महिन्यांनी बडतर्फीचा आदेश आला. तो तिला मीच वाचून दाखवला, कारण सरकारी मराठी तिला झेपायची नाही. 'अफरातफर' या शब्दाशी तिनं मला थांबवलं. "म्हंजे चोरी का?" मी म्हटलं, "तसंच काहीसं." मग म्हणाली, "कामावरून काढलं तं काढलं. दुसऱ्याच्या वावरात निंदायला जाईन. पन ह्यो शबुद काढायला लावा सिस्टरबाई. सुजाताच्या सासरी म्हाईत होईल."

त्या शब्दासाठी आम्ही बारा वर्षं फिरलो.

हिंगोलीचे एक वयस्क वकील होते, शांत माणूस. त्यांनी कागद पाहिले आणि म्हणाले, सरकारी नोकराच्या नोकरीचं भांडण साध्या कोर्टात चालत नाही, त्यासाठी प्रशासकीय न्यायाधिकरण आहे, तिथं जा. न्यायाधिकरण औरंगाबादला. आम्ही जायला लागलो तेव्हा ते औरंगाबाद होतं, आता पाटीवर छत्रपती संभाजीनगर आहे. शहराचं नाव बदललं, आमची केस आहे तिथंच होती. पहाटेची गाडी, औंढा, जिंतूर, जालना, पाठ मोडून जायची. कमलनं विचारलं होतं, "येता का संगं? मला तिथलं काही समजत न्हाई." मी नाही कसं म्हणणार? मिस्टर तोवर गेले होते. मला वाटलं, न्यायाधीशासमोर कधीतरी माझं नाव निघेल, मला विचारतील, आणि मग मी सांगेन. प्रत्येक तारखेला जाताना मला तेच वाटायचं, आणि तीच भीतीही वाटायची.

नाव निघालंच नाही. वर्षं गेली आणि समोरच्या बाजूनं हरकत आली की, ही बाई जिल्हा परिषदेची नोकर. न्यायाधिकरणाला राज्य सरकारच्या नोकरांचंच ऐकता येतं. कायद्यानं आखलेली रेघ आहे, आणि ती ओलांडून कोणाला न्याय द्यायचं म्हटलं तरी तो टिकत नाही. न्यायाधिकरणानं कागद पाहिले, पगार कोणाचा, बडतर्फी कोणाच्या सहीची ते पाहिलं, आणि अर्ज परत केला. योग्य ठिकाणी दाद मागा म्हणून सांगितलं. मी बाहेर आले आणि मला हलकं वाटलं. आज मला कोणी विचारणार नव्हतं. तो हलकेपणा दाराच्या बाहेर येईपर्यंतच टिकला. जिन्याच्या पायरीवर कमल बसली होती आणि वकिलांना विचारत होती, "मंग मी चोरी केली का न्हाई, ते काय म्हनले?"

वकील तिच्या शेजारी पायरीवर टेकले. म्हणाले, "कमलबाई, त्याबद्दल कोणी काहीच म्हटलं नाही. तिथपर्यंत ते गेलेच नाहीत. तुमचं खरं की खोटं हे बघायचा अधिकार आपल्याला आहे का, एवढंच त्यांनी बघितलं. तो नाही म्हणाले."

"म्हंजे आईकलंच न्हाई."

"ऐकण्याआधीचं ऐकलं, असं समजा."

मग विभागीय पातळीवर अपील केलं. तिथं उलट झालं. ही बाई मूळची राज्य सरकारची, जिल्हा परिषदेच्या कायम नोकरांच्या यादीत तिचं नावच नाही, म्हणून आमच्याकडं अपील चालत नाही, असं त्यांनी सांगितलं. कोणीतरी सांगितलं, कामगार न्यायालयात जा. तिथं तीन वर्षं गेली आणि कळलं की ती कामगार या व्याख्येत बसत नाही, ती शासकीय पदावरची आहे. प्रत्येक ठिकाणच्या माणसांनी आपापलं पुस्तक उघडून नीट पाहिलं होतं. कोणी उद्धटपणा केला नाही, कोणी काही मागितलं नाही. वाचून पाहिलं तर प्रत्येक निकाल आपल्या जागी बरोबर वाटायचा. फक्त ते सगळे एकाखाली एक ठेवले की मधून एक बाई गळून पडत होती.

एकदा किसनराव आमच्याबरोबर यायचं म्हणाला. "मी सांगतो की साहेबाला, कमलनं माह्या पायाला औषीद लावलं म्हून. दाखवतो पाय." वकिलांनी त्याला समजावलं की अजून ती पायरी आलेली नाही. साक्षी, पुरावे हे सगळं नंतर. किसनराव म्हणाला, "लवकर आना मंग ती पायरी. मी काई लई दिस न्हाई." दोन वर्षांनी तो गेला.

या सगळ्या काळात कमल निंदायला जायची, हळदीच्या दिवसांत हळद काढायला जायची, आणि मंगळवारी घरी असायची. कारण मंगळवारी पेशंट यायचे. बडतर्फ झाल्यावर ती मोकळी झाली होती ना, परवानगीचा प्रश्नच नव्हता. जुनी सुती लुगडी उकळून, उन्हात वाळवून ती पट्ट्या फाडायची. मी निवृत्त झाल्यावर कधीमधी जायचे, मलम न्यायचे. अंगणात घमेल्यात पाय सोडून दोन-तीन माणसं बसलेली असायची, आणि कमल खाली बसून कोणाची तरी टाच मांडीवर घेऊन गप्पा मारत असायची. कोर्टाबद्दल तिथं ती चकार शब्द काढत नसे.

कामगार न्यायालयाचा निकाल ऐकून परत येताना गाडी जिंतूरला थांबली होती. उन्हाळा होता. आम्ही टपरीच्या सावलीला चहा घेत होतो आणि मला एकाएकी राहवलं नाही. मी म्हणाले, "कमल, त्या दिवशी मी खोटं बोलले." ती म्हणाली, "म्हाईत हाय की. मी तिथंच व्हते." मी म्हटलं, "तू मला विचारलं का नाहीस? तुला विचारायला सांगितलं होतं." तिनं बशीतला चहा संपवला. "इचारून काय... तुमच्या घरात मालक पडून व्हते. तुमची बदली झाली असती तं त्यायला कोनी पाह्यलं असतं? माजं तं हातपाय चालत व्हते." मी म्हणाले, "आता सांगते ना मी. लिहून देते." कमल हसली. थकलेली होती, पण हसली. "कोनाला सांगता सिस्टरबाई? आईकनारा कोन ते तं ठरू द्या आदी."

मी त्या वाक्याचा आधार घेतला, हे आज कबूल करते. ऐकणारा ठरेपर्यंत बोलायची गरज नाही, असं मी स्वतःला समजावत राहिले. खरं तर लिहून द्यायला कोणी अडवलं नव्हतं. वकिलांना सांगता आलं असतं, सुजाताला सांगता आलं असतं. न्यायाधिकरणाची रेघ कायद्यानं आखलेली होती. माझी रेघ मीच आखली होती आणि तिच्या आत बसून राहिले.

शेवटी उच्च न्यायालयात गेलो. हिंगोलीचे वकील तोवर थकले होते, त्यांनी एका तरुण वकीलबाईकडे कागद सोपवले. त्या मुलीनं पथकाच्या काळातले आदेश शोधून काढले. कमलला जिल्हा परिषदेत कायम केल्याचा कागद नव्हता, तेव्हा मूळ पदावरचा तिचा हक्क तुटलेलाच नव्हता. ज्याला कायद्याच्या भाषेत धारणाधिकार म्हणतात तो सरकारकडेच राहिला होता. वरच्या कोर्टानं ते मान्य केलं, अर्ज परत करण्याचा पहिला आदेश रद्द केला आणि न्यायाधिकरणाला सांगितलं की ही सरकारचीच नोकर आहे, हिचं म्हणणं तुम्हीच ऐका.

आदेशाची प्रत घेऊन मी कमलच्या घरी गेले, ती आमची शेवटची भेट. ती बाजेवर बसली होती, पाय सुजले होते, दम लागत होता. मी म्हटलं डॉक्टरला दाखव, तर म्हणाली तारीख होऊन जाऊ द्या. मी तिला आदेशाचा अर्थ सांगितला.

"म्हंजे मी सरकारची व्हते."

"हो. पहिल्यापासून."

"येवढंच व्हतं तं बारा वर्सं कोनालाच काहून दिसलं न्हाई?"

मी आदेशाची घडी घातली. मग ती म्हणाली, "आता आईकतील?" मी म्हणाले, "आता ऐकतील." जाताना तिनं मला फाटकापर्यंत सोडायचं म्हणून उठायचा प्रयत्न केला आणि पुन्हा बसली. मी मागे वळून न बघता आले. घाईत होते, शेवटची जीप सुटेल म्हणून.

पुण्यानुमोदनाच्या, म्हणजे बौद्ध रीतीच्या शोकसभेच्या दिवशी तिच्या दारासमोर छोटा मांडव होता. बुद्धवंदना झाली, दोन-चार जण बोलले. बोटं झडलेली, काठी टेकत आलेली पाच-सहा माणसं सगळ्यात मागे, मांडवाच्या बाहेर उन्हात उभी होती. सुजातानं ते पाहिलं. ती गेली आणि एकेकाला हाताला धरून पुढच्या सतरंजीवर आणून बसवलं. पाहुण्यांतल्या काही बाया सरकून बसल्या. सुजातानं तिकडे पाहिलंही नाही. लोक पांगल्यावर ती माझ्याजवळ आली. आखाडा बाळापूर या गावी तिचं आणि तिच्या नवऱ्याचं झेरॉक्सचं दुकान आहे, आईच्या सगळ्या कागदांच्या प्रती तिनंच काढलेल्या. म्हणाली, "सिस्टर, वकीलबाई म्हणतात वारस म्हणून माझं नाव लावता येईल. पण आता आईच नाही. सोडून द्यावं का?" मी म्हणाले, "नाही. दोन दिवस दे मला."

दोन दिवसांत मी प्रतिज्ञापत्र केलं. वकीलबाईंनी मजकूर नीट करून दिला, पण सांगितलं मीच, पहिल्यापासून शेवटपर्यंत. सामान मी दिलं. जायला मी सांगितलं. चौकशीत मी खोटं बोलले. मग ते घेऊन बाळापूरला गेले. प्रती दुसरीकडे कुठंही काढता आल्या असत्या. पण सुजातानं ते कोर्टात पहिल्यांदा ऐकावं, एवढा भेकडपणा आता मला करायचा नव्हता.

तिनं पहिलं पान मशीनवर ठेवलं, उजेड सरकला, प्रत बाहेर आली. दुसरं पान ठेवता ठेवता तिची नजर गेली. ती वाचायला लागली. दुकानात एक गिऱ्हाईक आधार कार्ड घेऊन उभं होतं, त्याला तिनं हातानंच थांबायची खूण केली. पुरतं वाचलं. माझ्याकडे पाहिलं नाही. मग दुसरं पान ठेवलं, तिसरं ठेवलं, चार संच काढले, कडा जुळवून टाचण्या मारल्या आणि माझ्यासमोर ठेवले. "साडेपाचची गाडी आहे सोमवारी," ती म्हणाली. "स्टँडवर भेटू."

न्यायाधिकरणात नंबर जेवणाच्या सुट्टीआधी आला. पुकारा कमलच्याच नावानं झाला, नाव बदलायचा अर्ज त्या दिवशीच द्यायचा होता. वकीलबाईंनी अर्ज दिला, माझं प्रतिज्ञापत्र दिलं. समोर बसलेल्या सदस्यांनी ते हातात घेतलं आणि वाचलं. खरोखर वाचलं, पानं उलटून. मग विचारलं, "या परिचारिका हजर आहेत?" मी उभी राहिले.

"हे सामान तुम्ही स्वतः दिलं होतं?"

"हो साहेब. मीच दिलं."

"मग चौकशीत तसं का सांगितलं नाही?"

"भीती वाटली, साहेब."

त्यांनी मान हलवून काहीतरी टिपून घेतलं. सरकारी वकिलांनी उत्तराला वेळ मागितला, तो मिळाला, पुढची तारीख पडली. सगळं मिळून दहा मिनिटं झाली असतील. बारा वर्षांत त्या दुपारी काय घडलं होतं हे पहिल्यांदा कोणीतरी विचारलं, आणि जिला उत्तर ऐकायचं होतं ती नव्हती.

परतीच्या गाडीत सुजाता खिडकीशी बसली होती. जालना गेलं, मंठा गेलं. जिंतूरच्या अलीकडे तिनं विचारलं, बाहेर बघतच, "आई असती तर आज तुम्ही उठून उभ्या राहिल्या असत्या का, सिस्टर?"

हो म्हणावंसं वाटत होतं. म्हणाले, "मला माहीत नाही."

तिनं मान हलवली. खरं उत्तर मिळाल्यावर माणूस हलवतो तशी. हिंगोलीला उतरून ती बाळापूरच्या गाडीकडे गेली, मी माझ्या वाटेनं. येते म्हणाली नाही.

दुसरा दिवस मंगळवार होता. आता येऊ नका असं पेशंटना कोणी सांगितलं असेल की नाही या विचारानं मी दहाच्या सुमाराला कमलच्या घरी गेले. दार उघडं होतं. सुजाता सकाळच्या पहिल्या गाडीनं आली होती. अंगणात दोघं जण बसले होते, आणि तिनं चुलीवरचं पाणी घमेल्यात ओतून त्यात थंड पाणी घातलं होतं. मी वाकून बोटं बुडवायला गेले. तिनं माझा हात बाजूला केला, बाही वर सारली आणि कोपर पाण्यात बुडवून थोडा वेळ तसंच धरलं. कमल असंच बघायची. बोटं कामानं राठ होतात, त्यांना पाणी किती गरम ते कळत नाही, आणि ज्याचा पाय बधिर आहे तो तर भाजला तरी सांगणार नाही, म्हणून कोपर. मी तीस वर्षं नोकरी केली, मला हे कोणी शिकवलं नव्हतं आणि मी विचारलंही नव्हतं.

"चालतंय," सुजाता म्हणाली आणि घमेलं माझ्याकडे सरकवलं.

मी खाली बसले.